उगें राहूं नको

रायर रागावले की पेन्सिलीला टोक काढायला बसत. टेबलाच्या खणात दाढीचं अर्धं ब्लेड असे. ते काढायचं, जुनी कॉजलिस्ट, म्हणजे कोर्टाची रोजची खटल्यांची यादी, पसरायची आणि एकही शब्द न बोलता लाकूड सोलत राहायचं. राग साधा असेल तर टोक बेताचं निघे, मोठा असेल तर पेन्सिल निम्मी होई. आवाज त्यांनी कधी चढवला नाही. उलट रागात त्यांचा आवाज खाली जाई आणि भाषा शंभर-दोनशे वर्षं मागे जाई. नुंगंबाक्कमच्या त्या वकिलांच्या ऑफिसात मी पहिल्यांदा गेले, तेव्हा दुपारचे तीन वाजले होते आणि कॉजलिस्टवर चांगला मूठभर भुसा साचला होता. तो दिवस नेहमीसारखाच होता, हे मला पुढे कळलं.

रायर हे त्यांचं नाव नव्हे. तंजावरकडच्या मराठी माणसांच्या नावापुढे 'राव' असतो म्हणून चेन्नईत लोक त्यांना सरसकट रायर म्हणतात. ते त्या वकिलांचे गुमास्ता होते. आपल्याकडे दुकानाच्या परवान्यापुरता उरलेला हा शब्द तिथे अजून चालताबोलता आहे. वकिलाचे कागद बांधायचे, दाखल करायचे, खटल्याला नंबर मिळवायचा, तारखा सांभाळायच्या, हे सगळं गुमास्त्याचं काम. पांढरा अर्ध्या बाह्यांचा शर्ट, पांढरी वेष्टी, म्हणजे तिकडचं धोतर, आणि काखेत दोरीने बांधलेले गठ्ठे, अशा थाटात हा माणूस चाळीस वर्षं हायकोर्टाच्या पायऱ्या चढत उतरत होता. वकील बदलले, न्यायाधीश बदलले, दोरी तीच राहिली.

त्या दिवशी मी बाहेरच्या बाकावर बसून फलटणला आईशी फोनवर बोलत होते. बोलत कसली, रडत होते. समोरच्या म्हाताऱ्याने मान वर न करता म्हटलं, "आईस रडून नको सांगूं. तिला झोंप येणार नाहीं. आधीं कागद दाखव." मी फोन बंद केला आणि बघत राहिले. चेन्नईत चार वर्षं काढल्यावर अनोळखी तोंडून मराठी ऐकून माझं जे होतं तेच झालं, चेहरा उजळला. मी म्हणाले, "अय्या, तुमची मराठी किती गोड आहे हो." त्यांनी ब्लेड खाली ठेवलं. "गोड नाहीं," ते म्हणाले. "जुनी अहे. भांडायास बरी पडते."

हे 'गोड' प्रकरण त्यांच्या फार डोक्यात बसलेलं होतं. महाराष्ट्रातून कोणी ना कोणी यायचं, फोन पुढे धरून 'काहीतरी बोला ना' म्हणायचं, आणि ऐकून झालं की ओवाळल्यासारखं बघत निघून जायचं. एकदा एका पाहुण्याला रायरांनी आपलं रेशनकार्ड दाखवलं. त्यावर त्यांचं नाव चुकलेलं होतं. "हें आधीं नीट करून द्या, मग बोलतों म्हणालों," त्यांनी मला सांगितलं. "अस्की पळाले." अस्की म्हणजे सगळे. रेशनकार्डावरची ती चूक दुरुस्त करायला त्यांनी सात अर्ज केले होते आणि सातव्यांदा ती दुरुस्त झाली होती. जुनं कार्ड त्यांनी पुरावा म्हणून जपून ठेवलं होतं.

माझे कागद त्यांनी शेवटच्या पानापासून वाचले. हीच त्यांची रीत. "पहिलें शेवट वाच," ते म्हणत. "वरती अस्की गोष्ट सांगतात. देतात काय, तें शेवटीं असतें." माझ्या कागदांच्या शेवटी जे होतं ते असं: तक्रारदाराने तक्रार दुष्ट हेतूने केल्याचे दिसते, सबब तिला लेखी ताकीद देण्यात यावी.

तक्रार काय होती ते सांगते, कारण मला ते सांगायची लाज वाटत नाही, रागच येतो. पेरुंगुडीला काचेच्या इमारतीत आठव्या मजल्यावर आमचं ऑफिस. आमचा डिलिव्हरी मॅनेजर स्क्रीन बघायच्या निमित्ताने खुर्चीमागे उभा राहून खांद्यावर हात ठेवायचा, आणि तो हात खांद्यावर थांबायचा नाही. दोनदा सांगून पाहिलं. तिसऱ्यांदा मी सगळ्यांसमोर त्याचा हात झटकला. त्या वर्षी माझं मूल्यमापन अचानक घसरलं. मी कंपनीच्या अंतर्गत समितीकडे तक्रार केली. समितीवर चार माणसं होती. त्यांतल्या तिघांची बढती तोच ठरवायचा. शेजारच्या खुर्चीवरच्या मुलीने, जिने सगळं पाहिलं होतं, 'मला आठवत नाही' असं लिहून दिलं. समितीने माझंच बोलणं खोटं ठरवलं. ताकीद देणारं पत्र माझ्या फाइलीत लागलं, आणि एचआरच्या बाई टिश्यूचा डबा माझ्याकडे सरकवत म्हणाल्या, "एक पत्रच तर आहे. फाइलीत पडून राहील. परवाइल्ले."

'परवाइल्ले', म्हणजे काही हरकत नाही, चालायचंच. चेन्नईत आल्यावर मी शिकलेला हा पहिला तमिळ शब्द. रिक्षावाल्याने पाय तुडवला तरी आपण हेच म्हणायचं. रायरांना हा शब्द ऐकवत नसे. "'पर्वा' हा शब्द आम्हीं दिला ह्यांस," ते म्हणत, "आणि ह्यांनीं त्याला 'नाहीं' जोडून ठेविलें." हे खरं की खोटं मला माहीत नाही, पण ते इतक्या तिडकीने म्हणत की कोणी वाद घालत नसे.

माझ्या वकिलांनी पहिल्याच दिवशी ठरवलं की थेट हायकोर्टात रिट याचिका टाकायची. रायरांनी फाइलीच्या पुठ्ठ्यावर कोपऱ्यात बारीक अक्षरात पेन्सिलीने एक शब्द लिहिला: अपील, आणि पुढे प्रश्नचिन्ह. समितीच्या निर्णयावर अपील करायची सोय कायद्यातच होती. ते ऐकणारा अधिकारी वेगळा, मुदत नव्वद दिवसांची. वकिलांनी तो शब्द पाहिला आणि हसून म्हणाले की रायर जुन्या काळातले आहेत, हायकोर्टाचा कागद गेला की कंपनी घाबरते. कंपनी घाबरली नाही. याचिका आठ महिने बोर्डावर येत राहिली, जात राहिली. रायर मला अम्मणी, म्हणजे पोरी, म्हणत आणि दर तारखेला व्हरांड्यात तेच सांगत. "कोर्टास दारें अनेक, अम्मणी. चुकीच्या दारांत ओरडलें तर आंत ऐकूं येतें. उघडत मात्र कोणी नाहीं."

त्या आठ महिन्यांत मी ऑफिसात जातच होते. लिफ्टमध्ये तो भेटायचा आणि मुद्दाम 'गुड मॉर्निंग' म्हणायचा. दरम्यान त्याला बढती मिळाली. केक कापला, तेव्हा मला बोलावणं आलं, आणि मी गेले, कारण नाही गेले तर तेही दुष्ट हेतूतच जमा झालं असतं. तो केक मी हातात घेऊन जिन्याने आठ मजले उतरले आणि कचऱ्याच्या डब्यात टाकला. रायरांना हे सांगितलं तेव्हा त्यांनी खणातून ब्लेड काढलं.

मग ती तारीख आली. कोर्टाने आदल्या वेळीच विचारलं होतं की खाजगी कंपनीविरुद्ध रिट कशी, अपिलाची वाट असताना इथे कशाला आलात. आता याचिका मागे घेणं भाग होतं. त्यात नामुष्की नव्हती, फक्त एक गोष्ट सांभाळायची होती. अपिलाची नव्वद दिवसांची मुदत केव्हाच उलटून गेली होती. कोर्टाच्या हुकुमात 'अपील करण्याची मुभा देऊन' आणि 'इथे गेलेला काळ मुदतीत धरू नये' एवढे शब्द आले, तर माझं पुढचं दार उघडं राहणार होतं. नाही आले, तर ताकीद आणि दुष्ट हेतू कायमचे माझ्या फाइलीत राहणार होते. पुढच्या कोणत्याही कंपनीने चौकशी केली की तेच हाताला लागणार होतं. रायरांनी ते दोन्ही शब्द एका चिठ्ठीवर इंग्रजीत टाइप करून वकिलांच्या गठ्ठ्यात वरच लावून ठेवले.

नेमकं त्या सकाळी दुसरा एक खटला कागद अपुरे म्हणून परत आला आणि रायरांना खाली, कागद दाखल करायच्या खिडकीवर धावावं लागलं. जाता जाता ते मला कोर्ट हॉलच्या दाराशी थांबवून म्हणाले, "आपलें नांव पुकारतील. वकील मागें घेतों म्हणतील. आंत उगें राहूं नको, अम्मणी. कळालें कीं?" मी मान हलवली.

मला कळलं ते असं. आमच्या फलटणकडे 'उगं हितं थांबू नको' म्हणजे विनाकारण थांबू नकोस. मला वाटलं, ते मला बाहेर जायला सांगताहेत. थोडं लागलंही, की म्हाताऱ्याला आपली तिथे अडचण वाटते. पण त्यांनी सांगितलं आणि मी ऐकलं. नाव पुकारलं, वकील उठले, आणि मी शहाण्यासारखी बाहेर व्हरांड्यात जाऊन खांबाला टेकून उभी राहिले. आत न्यायमूर्तींनी विचारलं की याचिकाकर्ती हजर आहे का, तिची संमती आहे का. कोणीच बोललं नाही. वकिलांना दुसऱ्या हॉलमध्ये पुकारा झाला होता. ते घाईत 'मागे घेतो' म्हणाले आणि निघाले. चिठ्ठी गठ्ठ्यावर तशीच राहिली. सगळं मिळून दोन मिनिटंही लागली नसतील.

रायर जिना चढून आले ते धापा टाकत. "काय सांगिटलें तूं जजास?"

"मी? मी बाहेर होते. तुम्हीच म्हणालात ना, उगं राहू नको."

त्यांनी काखेतला गठ्ठा खाली ठेवला. मग अगदी हळू आवाजात म्हणाले, "उगें म्हणजे गप्प. तोंड मिटून. जज विचारतील तेव्हां गप्प राहूं नको, असें मी सांगिटलें."

"उगं म्हणजे विनाकारण," मी म्हणाले.

"कोणत्या मराठींत?"

"साऱ्या महाराष्ट्राच्या मराठीत, रायर."

"लेकरूं रडतें तेव्हां तुम्ही काय म्हणतां त्यास? उगी उगी म्हणत नाहीं? विनाकारण, विनाकारण, म्हणून थोपटतां?"

यावर मी ओरडलेच. आठ महिन्यांचं सगळं त्यांच्या अंगावर ओतलं. तुमचे शब्द संग्रहालयात ठेवा, असं मी म्हणाले, तुम्ही खिडकीवर कशाला गेलात म्हणाले, आणखीही काय काय म्हणाले जे आता लिहवत नाही. मद्रासच्या हायकोर्टाच्या व्हरांड्यात दोन मराठी माणसं एका मराठी शब्दावरून भांडत होती आणि आजूबाजूच्या शंभर माणसांत एकालाही त्यातलं काही कळत नव्हतं. रायरांनी सगळं ऐकून घेतलं. शेवटी म्हणाले, "शब्द माझा. चूक माझी. आतां रडूं नको, मला विचार करूं दे." आणि जवळ ब्लेड नव्हतं म्हणून त्यांनी पेन्सिलीचं टोक नखाने सोलायला सुरुवात केली.

त्या रात्रभर माझ्या डोक्यात 'उगी उगी' फिरत होतं. टिश्यूचा डबा पुढे करणाऱ्या बाई दुसरं काय म्हणत होत्या? 'आठवत नाही' लिहून देणारी मुलगी उगी राहिली होती, समिती मला उगी करत होती, आईसुद्धा फोनवर 'जाऊ दे, स्थळं बघायचीत' म्हणत थोपटतच होती. एवढी वर्षं ऐकलेला शब्द, आणि ज्या एका दिवशी त्याचा अर्थ कळायला हवा होता त्याच दिवशी मी त्याला उलटा धरला. रायरांपेक्षा मला माझाच राग जास्त आला होता, पण स्वतःवर ओरडून फारसं समाधान होत नाही.

हुकुमाची प्रत आली. रायरांनी सवयीने शेवटची ओळ बघितली, पण ओळ एकच होती. याचिका मागे घेतल्याने फेटाळली. पुढे काही नाही. त्या पूर्णविरामापुढच्या कोऱ्या जागेखाली त्यांनी पेन्सिलीने रेघ ओढली, जे तिथे असायला हवं होतं त्याच्या लांबीची. कागद घेऊन ते वकिलांच्या खोलीत गेले. मीही मागोमाग गेले. हा खटला पुन्हा त्याच न्यायमूर्तींपुढे काढून हुकूम स्पष्ट करून घ्यावा, एवढंच मागणं होतं.

वकील वाईट माणूस नव्हते. असते तर बरं झालं असतं, वाईट माणसावर रागावणं सोपं पडतं. ते पाच कोर्टांत एकाच वेळी उभे असत आणि सगळ्यांशी गोड बोलत. आपण विसरलो हे पुन्हा जाऊन न्यायमूर्तींना सांगायचं त्यांना नको होतं. "विडुंगो, रायर," ते म्हणाले. सोडून द्या. अपील टाकू, तिथे बघू. "परवाइल्ले."

रायर उभेच होते. त्यांच्यासमोर ते कधी बसत नसत. त्यांनी वकिलांना उत्तर दिलं ते मराठीत, आणि वकिलांना मराठीचा एक शब्द येत नव्हता. चांगली दोन मिनिटं ते बोलले, आवाज न चढवता, आणि त्यांच्या आजोबांनाही जुनी वाटेल अशा भाषेत. मला निम्मंच कळलं. त्या निम्म्यात 'चाळीस वर्षें', 'तुमच्या चुका' आणि 'माझ्या पदरीं' हे होतं. मग त्यांनी लिहून आणलेला अर्ज टेबलावर ठेवला आणि त्याच्यावर ऑफिसची किल्ली ठेवली. मराठी न कळताही किल्लीचा अर्थ वकिलांना कळला. त्यांनी सही केली.

पुढच्या आठवड्यात खटला पुकारला गेला तेव्हा मी पहिल्या रांगेच्या मागेच उभी होते. न्यायमूर्तींनी विचारलं, हे त्या दिवशी का मागितलं नाही? वकील काहीतरी जुळवायला लागले. मी हात वर केला. मी याचिकाकर्ती आहे म्हणाले, त्या दिवशी मी बाहेर होते. का, असं विचारल्यावर मी सांगितलं की मला एक शब्द चुकीचा कळला. कोणता शब्द? मग मी सांगितला. त्यांच्या मराठीत त्याचा अर्थ काय, माझ्या मराठीत काय, आणि मी कशी आज्ञाधारकपणे बाहेर जाऊन उभी राहिले, सगळं. हॉलमध्ये हशा पिकला. न्यायमूर्तीही हसले. मला हसू आलं नाही. माझे आठ महिने तिथे एक गमतीचा किस्सा होऊन बसले होते, आणि मी हसत नाही हे दिसल्यावरच बाकीचे थांबले. न्यायमूर्तींनी हुकूम सांगायला घेतला. अपील करण्याची मुभा. या कोर्टात गेलेला काळ मुदतीत धरू नये. रायर सगळ्यांच्या मागे भिंतीला टेकून डोळे मिटून उभे होते आणि बोटांवर शब्द मोजत होते.

एका महिन्याने मी ऑफिसात गेले तर त्यांच्या टेबलावर स्कॅनर होता. 'रायरांचं वय झालं, त्यांना आता विश्रांती हवी,' असं मला सांगण्यात आलं. ही विश्रांती त्यांनी मागितली होती का, हे विचारल्यावर सगळे आपापल्या कागदांत डोकं घालून बसले. माझी फाइल मी त्याच दिवशी मागून घेतली.

अपील मी स्वतः लिहिलं. सैदापेटला त्यांच्या घराजवळच्या कॉफीच्या मेसमध्ये दर रविवारी सकाळी आम्ही बसायचो. मी लिहून न्यायची आणि ते खोडायचे. "दुःख फार लिहिलें अहेस," ते म्हणायचे. "तारीख लिही. दुःखास कंपनीचा वकील उत्तर देईल. तारखेस काय देणार?" 'मला वाटते' हे शब्द त्यांनी अख्ख्या अपिलातून हुडकून हुडकून काढले. आपली नोकरी गेली याबद्दल ते कधी बोलले नाहीत. एकदा मीच विषय काढला आणि माफी मागितली. त्यांनी वेटरकडून सुरी मागवली आणि पेन्सिल सोलायला घेतली. मी विषय पुन्हा काढला नाही.

अपिलात कंपनीच्या वकिलांनी पहिल्याच दिवशी मुदतीचा मुद्दा काढला. या बाईंनी स्वतःच याचिका मागे घेतली, आता उशिरा आल्या, असं. मी हायकोर्टाचा हुकूम पुढे केला. अधिकाऱ्यांनी शेवटची ओळ वाचली आणि मुद्दा तिथेच संपला. त्यानंतर मात्र दीड वर्ष लागलं. मधे कंपनीने निरोप पाठवला की अपील मागे घ्या, आम्ही छान शिफारसपत्र देतो. मागे घेणं मला आता चांगलं समजत होतं, म्हणून मी घेतलं नाही. शेवटच्या सुनावण्यांच्या सुमारास रायरांना अर्धांगाचा झटका आला. उजवी बाजू गेली आणि बोलणं गेलं.

निकाल लागला तेव्हा मी अपिलाच्या कचेरीतून थेट सैदापेटला गेले. त्यांच्या बायकोने, मामींनी, दार उघडलं. "बोलावयास येतें थोडें, डॉक्टर म्हणतात," मामी म्हणाल्या. "पण बोलतच नाहींत कोणाशीं. उगेच असतात." रायर खिडकीकडे तोंड करून पडले होते. मी खुर्ची ओढली आणि निकाल वाचायला लागले, पहिल्या पानापासून, आनंदात. माझी साक्ष कशी खरी धरली, समिती कशी नीट बसवलेली नव्हती, शेजारच्या मुलीने उलटतपासणीत शेवटी कसं कबूल केलं, सगळं. समितीचा अहवाल रद्द. तक्रार दुष्ट हेतूने केल्याचा शेरा रद्द. वाचून मी थांबले. रायर भिंतीकडे बघत होते.

मला राग आला. आजारी माणसाचा राग येऊ नये हे कळत होतं, तरी आला. ज्याने मला तोंड उघडायला लावलं तो माणूस आता भिंतीकडे बघत पडणार होता आणि मी टिश्यूचा डबा पुढे करायचा होता. मी वाकून म्हणाले, "रायर, उगें राहूं नका."

त्यांनी मान वळवली.  मग डाव्या हाताने कागद मागितले आणि शेवटचं पान वर घेतलं. ओठ दोन-तीनदा हलले. तोंडातून जो शब्द आला तो एकच होता आणि अर्धाच होता, पण मला कळला.

"पत्र?"

मी शेवटचं पान पुन्हा वाचलं. अहवाल रद्द झाला होता, शेरा रद्द झाला होता. पण त्या अहवालावरून दिलेलं ताकीदपत्र फाइलीतून काढून टाका, असं कुठेच लिहिलेलं नव्हतं. ज्या पत्रासाठी सगळं सुरू झालं ते अजून आठव्या मजल्यावरच्या कपाटात होतं, आणि मी पेढे घेऊन आले होते. रायरांच्या चेहऱ्याची डावी बाजू रागाने लाल झाली होती. मामी म्हणाल्या, कितीतरी दिवसांनी असे दिसले. उशाखाली पेन्सिल होती. ब्लेड मामींनी आणून दिलं. टोक मी काढलं, आणि त्यांनी डाव्या हाताने, शेवटच्या ओळीपुढच्या कोऱ्या जागेत, वाकडीतिकडी रेघ ओढली.

दुरुस्तीच्या अर्जाला दहा आठवडे लागले. सहाव्या आठवड्यात रायर गेले. पत्र माझ्या फाइलीतून निघालं तो दिवस त्यांनी पाहिला नाही, आणि याबद्दल कोणावर रागवायचं हे मला अजून ठरवता आलेलं नाही. तूर्त मी सगळ्यांवरच रागावते.

मी अजून पेरुंगुडीतच आहे, कंपनी तेवढी दुसरी. अधूनमधून एखादी मुलगी जेवणाच्या सुट्टीत माझ्या टेबलाशी येते, इकडेतिकडे बघते आणि 'तसं काही विशेष नाही' अशी सुरुवात करते. तमिळ, तेलुगू, मराठी, कोणीही असते. मी तिला सांगते, आधी कागद दाखव, आणि कागद शेवटच्या पानापासून वाचते. जाताना रायरांचे शब्द रायरांच्याच मराठीत सांगते, उगें राहूं नको. अर्थ मात्र आधी दोनदा समजावून देते.